वाचकांचे प्रश्न: सुट्टीत मिसिसिपीला गेलेली पोरं

मागच्या अंकात मतदानाच्या हक्काबद्दल लिहिताना मी जाता जाता एक वाक्य टाकलं होतं, की १९६४ च्या उन्हाळ्यात अमेरिकेतली हजारभर कॉलेजची पोरं सुट्टी सोडून दक्षिणेतल्या मिसिसिपी राज्यात गेली, कृष्णवर्णीयांची मतदार नोंदणी करायला, आणि त्यातली तिघं मारली गेली. त्या एका वाक्यावर इतकी पत्रं आणि मेल आले की बाकीचे प्रश्न यावेळी बाजूलाच ठेवलेत. एका वाचकाने तर माझी चूकही पकडलीय, ती पण खाली आहे.

प्रश्न: ताई, गुलामगिरी संपली १८६५ ला, मताचा हक्क घटनेत आला १८७० ला, मग १९६४ मध्ये ही नोंदणीची काय भानगड? यादीत नाव नव्हतं तर जाऊन घालायचं ना!

उत्तर: जाऊन घालायचं, हेच तर जमू देत नव्हते. मतदार यादीत नाव घालायला माणसाने स्वतः जायचं काउंटीच्या (म्हणजे आपल्या जिल्ह्यासारखं) कोर्टात, आणि तिथे नाव घेणार सर्किट क्लार्क, म्हणजे कोर्टाचा अधिकारी. तो गोरा, आणि तो म्हणेल ते खरं. ती १८७० ची १५ वी घटनादुरुस्ती म्हणते वंशावरून मत नाकारता येणार नाही, म्हणून मिसिसिपीने १८९० मध्ये राज्याची नवी घटना करताना मतदानाच्या कलमात वंशाचं नावच काढलं नाही, त्याऐवजी वर्षाला दोन डॉलर पोल टॅक्स, म्हणजे मत द्यायचं तर भरायचा कर, लावला, तो मागच्या दोन वर्षांचा भरलेला पाहिजे, आणि वर घटनेच्या कलमाचा अर्थ सांगायची परीक्षा. १९५४ नंतर ती अजून कडक केली, म्हणजे वाचायचंही, लिहायचंही आणि अर्थही सांगायचा. राज्यघटनेत २८५ कलमं. त्यातलं कुठलं द्यायचं ते क्लार्क ठरवणार आणि उत्तर बरोबर की चूक तेही क्लार्कच ठरवणार, म्हणजे पेपर काढणारा तोच, तपासणारा तोच आणि त्याला तुम्हाला नापासच करायचंय. डिग्री घेतलेले कृष्णवर्णीय शिक्षक तिथे नापास व्हायचे आणि जेमतेम सही येणारा गोरा शेतकरी पास व्हायचा.

बरं, एवढ्यावर भागलं नाही. १९६२ मध्ये अजून एक नियम आला, अर्ज केलेल्याचं नाव दोन आठवडे स्थानिक पेपरात छापायचं. वरवर बघितलं तर किती पारदर्शक कारभार! पण ज्याच्या शेतावर तुम्ही राबता, ज्याच्या घरात राहता, ज्याच्या दुकानात तुमची उधारी आहे तो पेपर वाचतो ना. दुसऱ्या दिवशी नोकरी गेली, घर गेलं, उधारी बंद.

फॅनी लू हेमरचंच घ्या. डेल्टा म्हणजे मिसिसिपीचा कापसाचा सपाट भाग, तिथे रूलव्हिल गावाजवळ एका प्लँटेशनवर ही बाई १८ वर्षं बटाईने कापूस करत होती आणि मालकाचं हजेरीचं कामही बघत होती. आपल्याला मत देता येतं हेच तिला वयाच्या ४४ व्या वर्षी कळलं, चर्चमधल्या एका सभेत. ३१ ऑगस्ट १९६२ ला ती आणि अजून १७ जण बसने इंडियानोलाच्या कोर्टात गेले. परीक्षेत तिला ‘डी फॅक्टो’, म्हणजे कागदावर नाही पण व्यवहारात चालणाऱ्या, कायद्यांवरचं कलम आलं, नापास. परत येताना पोलिसांनी बस अडवली, कारण काय तर बसचा रंग जास्त पिवळा आहे!! दंड भरून घरी आली तर मालक दारात, अर्ज मागे घे नाहीतर चालती हो. त्याच रात्री ती चालती झाली. मग थोड्या दिवसांनी ती जिथे उतरली होती त्या घरावर गोळ्या झाडल्या गेल्या.

आणि हे एकेकट्याला नाही, अख्ख्या काउंटीलाही करायचे. डेल्टातलं ग्रीनवुड गाव ज्या लेफ्लोर काउंटीत येतं तिथल्या अधिकाऱ्यांनी १९६२ च्या हिवाळ्याच्या तोंडावर केंद्राकडून येणारं फुकट धान्यवाटपच थांबवलं, नोंदणीची चळवळ सुरू झाली म्हणून. कापसाची वेचणी संपली की डेल्टातल्या मजुरांकडे मार्चपर्यंत काम नसायचं, तेव्हा त्या पिठावर घरं चालायची. आता सांगा, जाऊन नाव घालायचं ना म्हणणं किती सोपं आहे. १९६२ मध्ये मिसिसिपीत मताला पात्र असलेल्या कृष्णवर्णीयांपैकी नोंदणी होती ६.७ टक्के, देशात सगळ्यात कमी.

प्रश्न: तुम्ही लिहिलंत की गेलेल्या हजार विद्यार्थ्यांपैकी तिघं मारली गेली. हे चूक आहे. तिघांपैकी एकच उन्हाळी स्वयंसेवक होता. कृपया दुरुस्ती करा.

उत्तर: केली. आणि आभार, कारण ही चूक साधी नाही, सगळं जग हीच चूक करतं. अँड्र्यू गुडमन, वय २०, न्यूयॉर्कच्या क्वीन्स कॉलेजचा विद्यार्थी, तो त्या उन्हाळ्यासाठी आलेला. मायकेल श्वर्नर, २४, न्यूयॉर्कचाच, पण तो नागरी हक्कांसाठी लढणाऱ्या ‘कोअर’ या संघटनेचा पगारी कार्यकर्ता, जानेवारीपासून बायकोबरोबर मिसिसिपीतल्या मेरिडियन गावात राहून काम करत होता. आणि जेम्स चेनी, २१, तो मेरिडियनचाच, तिथेच जन्मलेला, तिथेच वाढलेला कृष्णवर्णीय मुलगा. तो कुठून ‘आलाच’ नव्हता. मी तिघांना एका वाक्यात कोंबलं आणि चेनीला त्याच्याच गावात पाहुणा करून टाकलं.

प्रश्न: मला एक कळत नाही, कृष्णवर्णीयांच्या हक्कासाठी उत्तरेतून गोऱ्या, श्रीमंत घरच्या पोरांना का बोलवायचं? तिथले विद्यार्थी काय करत होते? मला तर हा थोडा शो वाटतो.

उत्तर: तिथले विद्यार्थी आधीच करत होते, तीन वर्षं, पण बघत कोण होतं?

थोडं मागे जाऊ. १ फेब्रुवारी १९६० ला नॉर्थ कॅरोलायनाच्या ग्रीन्सबोरोत चार कृष्णवर्णीय विद्यार्थी गोऱ्यांसाठी राखीव लंच काउंटरवर बसले आणि ते लोण दक्षिणेत कॉलेजाकॉलेजात पसरलं. एप्रिलमध्ये एला बेकर या अनुभवी कार्यकर्तीने या सगळ्या पोरांना त्याच राज्यातल्या रॅली शहराच्या शॉ युनिव्हर्सिटीत एकत्र बोलावलं आणि मोठ्यांच्या संघटनेची शाखा होऊ नका, आपली वेगळी काढा असं बजावलं. त्यातून निघाली स्टुडंट नॉनव्हायोलंट कोऑर्डिनेटिंग कमिटी, सगळे तिला ‘स्निक’ म्हणायचे. कॉलेज अर्धवट टाकून पूर्णवेळ कामाला आलेली पोरं, आठवड्याला दहा डॉलर, टॅक्स कापून हातात ९ डॉलर ६४ सेंट.

मतदार नोंदणीची कल्पना मात्र विद्यार्थ्यांची नव्हती, हे मला सांगायलाच पाहिजे. १९६० मध्ये न्यूयॉर्कच्या हार्लेम वस्तीतला एक गणिताचा तरुण मास्तर बॉब मोझेस मिसिसिपीत फिरत फिरत क्लीव्हलंड गावच्या अॅम्झी मूरकडे पोचला. मूर दुसऱ्या महायुद्धातून परत आलेला माणूस, पोस्टात नोकरी आणि स्वतःचा पेट्रोल पंप. त्याने सांगितलं, लंच काउंटरवर बसून इथे काही होणार नाही, इथे बर्गर घ्यायला पैसे आहेत कुणाकडे, इथे मत पाहिजे. (शब्द माझे, पण मतलब हाच.) मोझेस पुढच्या वर्षी राहायलाच आला, दक्षिणेला मॅकॉम्ब भागात काम सुरू केलं. तिथे शाळेतली पोरंसुद्धा त्याच्या मागे आली. ब्रेंडा ट्रॅव्हिस ही पंधरा-सोळा वर्षांची मुलगी बस स्टेशनच्या गोऱ्यांच्या भागात जाऊन बसली, जेलमध्ये गेली, शाळेने काढून टाकलं, तर ऑक्टोबर १९६१ मध्ये तिच्यासाठी शंभरावर मुलं वर्ग सोडून रस्त्यावर आली.

आणि त्याच्या आधी सप्टेंबरमध्ये हर्बर्ट ली. नऊ मुलांचा बाप, शेतकरी, मोझेसला आपल्या गाडीतून गावोगाव फिरवायचा. त्याला कापसाच्या जिनसमोर दिवसाढवळ्या गोळी घातली, आणि घालणारा राज्याच्या विधिमंडळाचा सभासद! दुसऱ्या दिवशी चौकशीत ‘स्वसंरक्षण’ म्हणून मोकळा. हे बघणारा एक कृष्णवर्णीय साक्षीदार होता, लुई अॅलन, लाकूडतोडीचा धंदा करणारा. त्याला दोन-अडीच वर्षं छळलं, शेवटी तो राज्य सोडून जायचं ठरवतो आणि जायच्या आदल्या दिवशी, ३१ जानेवारी १९६४ ला, स्वतःच्या फाटकापाशी त्याला मारून टाकतात.

यातल्या किती नावांनी देशभरच्या पेपरांत मोठ्या हेडलाइन झाल्या? नाहीच. आता तुमचा ‘शो’चा मुद्दा. नोव्हेंबर १९६३ मध्ये चळवळीने एक नकली निवडणूक घेतली होती, खऱ्या यादीत नाव नाही ना, मग आपल्याच पेट्या, चर्चमध्ये, सलूनमध्ये ठेवलेल्या, ८० हजारांच्या आसपास लोकांनी मत टाकलं. तेव्हा येल आणि स्टॅनफोर्डची काही गोरी पोरं मदतीला आली होती आणि सगळ्यांच्या लक्षात आलं की ती आली की मागे रिपोर्टर येतात, केंद्राची तपास यंत्रणा एफबीआय येते. मग प्रश्न पडला, उन्हाळ्यात हजार आणली तर?

यावर स्निकमध्ये जोरदार भांडणं झाली. तिथल्या कार्यकर्त्यांचं म्हणणं होतं की ही पोरं येतील, फाडफाड इंग्लिश बोलतील, टाइप करतील, मीटिंगा चालवतील, आणि ज्या शेतमजुराने आत्ता कुठे उभं राहून बोलायला सुरुवात केलीय तो परत खाली बसेल, कारण गोऱ्याने सांगितलं की हो म्हणायची सवय पिढ्यान् पिढ्यांची. आणि ऑगस्टमध्ये ती आपल्या कॉलेजला परत जातील. हे सगळं खरं होतं आणि तसं काही प्रमाणात झालंही. पण हेमरबाईंसारखे गावातले लोक म्हणत होते येऊ द्या, आणि लुई अॅलनच्या खुनानंतर मोझेसही त्या बाजूला झुकला. म्हणजे तुम्ही शो म्हणा, मी त्याला हिशोब म्हणेन, फार कडू हिशोब: आमची पोरं मेली तर देश झोपतो, तुमची आली तर जागा होईल. हिशोब बरोबर निघाला यातच सगळं आलं.

प्रश्न: ताई मी सेकंड इयरला आहे. त्यांना ट्रेनिंग काय दिलं आणि रोज नक्की काम काय करायचे ते जरा डिटेलमध्ये सांगाल का? मला तेच जास्त इंटरेस्टिंग वाटतं.

उत्तर: सांगते, मलापण तेच वाचायला आवडतं. ट्रेनिंग ओहायो राज्यातल्या ऑक्सफर्ड गावात, वेस्टर्न कॉलेज फॉर विमेनच्या आवारात, जूनमध्ये, एकेक आठवड्याच्या दोन बॅचेस. बोलावणारी संस्था ‘कोफो’, म्हणजे स्निक, कोअर आणि बाकी संघटनांची मिळून केलेली आघाडी. येताना स्वतःचा खर्च स्वतः करायचा, आणि वर जामिनासाठी ५०० डॉलरची सोय दाखवायची. इथेच चाळणी लागली बघ. १९६४ मधले ५०० डॉलर आणि उन्हाळाभर कमाई नाही, हे कुठल्या कृष्णवर्णीय विद्यार्थ्याला परवडणार, तो तर उन्हाळ्यात पुढच्या फीचे पैसे जमवत असतो. म्हणून आलेल्यांत दहातले नऊ गोरे.

ट्रेनिंगमध्ये मार खायचा कसा ते शिकवायचे. हसू नकोस, खरंच. जमिनीवर पडायचं, गुडघे पोटाशी घ्यायचे, हातांनी डोकं आणि मान झाकायची. लॉनवर अर्धे जण जमाव व्हायचे आणि शिव्या देत अर्ध्यांना ओढायचे, आणि म्हणे जमाव झालेली सज्जन पोरं स्वतःच घाबरायची की आपल्यात हे कुठून आलं. मग नियम. रात्री उजेडाच्या खिडकीसमोर उभं राहायचं नाही. गाडीतला आतला दिवा काढून टाकायचा, म्हणजे दार उघडल्यावर तुम्ही दिसणार नाही. एकट्याने फिरायचं नाही. कुठेही निघालात की ऑफिसला सांगून निघायचं आणि पोचलात की फोन. केंद्राच्या न्याय खात्याचा जॉन डोर येऊन गेला, त्याला पोरांनी विचारलं सरकार आमचं संरक्षण करेल ना, तो म्हणाला नाही, तसं पोलिसदल केंद्राकडे नाही. पोरांनी हुर्यो उडवली तर मोझेसने त्यांना गप्प केलं, हा माणूस निदान खरं बोलतोय म्हणून. मला हा मोझेस फार आवडतो, इतक्या हळू बोलायचा म्हणे की सगळ्यांना पुढे झुकून ऐकावं लागायचं.

मिसिसिपीत गेल्यावर मुक्काम कृष्णवर्णीय कुटुंबांकडे. आणि इथे मला थांबावंसं वाटतं, कारण पोरांच्या धाडसाबद्दल सगळे बोलतात पण ज्या बाईने आपल्या दोन खोल्यांच्या घरातला पलंग यांना दिला तिचं काय? पोरं सप्टेंबरमध्ये निघून जाणार, ती तिथेच राहणार, आणि सगळ्या गावाला माहीत की हिच्या घरात ‘ते’ राहिले होते. ती यांना जेवू घालायची, धुणं धुवायची आणि काही घरांत रात्री घरचा माणूस बंदूक घेऊन ओसरीवर बसायचा, कारण अहिंसेची शपथ पोरांनी घेतली होती, त्याने नाही.

रोजचं काम म्हणजे दारोदार फिरणं. धुळीचे रस्ते, ऊन, हातात फॉर्म. फॉर्ममध्ये २१ प्रश्न, त्याची प्रॅक्टिस करून घ्यायची आणि मग कोर्टात चला म्हणायचं. आणि अडचण काय यायची, की गोरा मुलगा दारात बघून म्हातारा माणूस खाली मान घालून ‘यस सर, येतो ना सर’ म्हणायचा, फक्त हा एकदाचा जावा म्हणून, आणि ठरलेल्या दिवशी यायचाच नाही. पोरं सुरुवातीला होकार मोजून खूश व्हायची. मग हळूहळू कळायला लागलं की ओसरीच्या पायरीवर खाली बसायचं, माणूस खुर्चीत आणि आपण खाली, पीकपाण्याच्या, मुलाबाळांच्या गप्पा मारायच्या, दुसऱ्यांदा जायचं, तिसऱ्यांदा जायचं. आणि एक गंमत, तुझ्या वयाची म्हणून सांगते, तेव्हा अमेरिकेत जवळजवळ सगळीकडे मतदानाचं वय २१ होतं, १८ झालं ते १९७१ मध्ये. म्हणजे दुसऱ्याला मत मिळावं म्हणून दारोदार फिरणाऱ्यांतल्या कितीतरी पोरांना स्वतःला मत नव्हतं!

मुलींना बऱ्याचदा दारोदार न पाठवता फ्रीडम स्कूलमध्ये शिकवायला ठेवायचे किंवा ऑफिसात टायपिंगला, कृष्णवर्णीय वस्तीत गोरी मुलगी दिसली की हिंसा जास्त भडकते हे एक कारण, आणि मुलगे मुलग्यांसारखेच वागतात हे दुसरं. पण फ्रीडम स्कूल म्हणजे काही दुय्यम काम नव्हतं हं. हॉवर्ड युनिव्हर्सिटीतून आलेला चार्ली कॉब, स्निकचाच कार्यकर्ता, त्याची ही कल्पना. ४१ शाळा निघाल्या, चर्चच्या तळघरात, ओसरीवर, झाडाखाली, अडीच-तीन हजार विद्यार्थी, लहान पोरांपासून आजीपर्यंत. हॅटिसबर्गला पहिल्या दिवशीच सहाशेवर लोक आले. तिथे इतिहास, वाचन, टायपिंग, फ्रेंचसुद्धा! आणि अभ्यासक्रमाच्या मुळाशी तीन प्रश्न: गोऱ्यांच्या जगातलं काय आपल्याला हवंय, काय नकोय, आणि आपल्याकडचं काय आपल्याला जपायचंय. ज्या राज्यात कृष्णवर्णीयांच्या शाळा कापूस वेचायच्या वेळापत्रकाने चालायच्या तिथे मुलांना कुणी पहिल्यांदा विचारलं की तुला काय वाटतं.

प्रश्न: त्या तिघांचं काय झालं ते नीट लिहा. गुन्हेगारांना शिक्षा झाली का?

उत्तर: १६ जूनला नेशोबा काउंटीत लाँगडेल इथलं माउंट झायन चर्च कू क्लक्स क्लॅन या गोऱ्यांच्या हिंसक गुप्त संघटनेने जाळलं, कारण श्वर्नर आणि चेनीने तिथे फ्रीडम स्कूल काढायचं बोलणं केलं होतं. चर्चच्या लोकांना मारहाणही केली. हे दोघं तेव्हा ओहायोला ट्रेनिंगमध्ये होते, कळल्यावर परत आले, गुडमनही त्यांच्याबरोबर. २० जूनला मेरिडियनला पोचले, २१ ला सकाळी गुडमनने आईवडिलांना पोस्टकार्ड टाकलं की सुखरूप पोचलो, गाव छान आहे, हवा चांगली आहे, आणि तिघं जळालेलं चर्च बघायला निघाले. दुपारी चारपर्यंत आलो नाही तर फोन करायला लागा असं सांगून.

परत येताना डेप्युटी शेरीफ सेसिल प्राइसने गाडी जोरात चालवली म्हणून पकडलं आणि फिलाडेल्फिया गावच्या जेलमध्ये टाकलं (हे फिलाडेल्फिया मिसिसिपीतलं छोटं गाव, मोठं शहर नव्हे). कार्यकर्त्यांनी जेलना फोन लावले, पत्ता लागला नाही. रात्री साडेदहाच्या सुमाराला २० डॉलर दंड घेऊन सोडलं, अंधारात, आणि तोपर्यंत क्लॅनची माणसं जमवून झाली होती. प्राइसनेच परत गाडी अडवून त्यांना त्यांच्या ताब्यात दिलं.

दुसऱ्या दिवशी ओहायोत दुसरी बॅच बसली होती आणि मोझेसने उभं राहून सांगितलं की आपले तीन जण गायब आहेत. ज्यांना परत जायचंय त्यांनी जावं, कुणी नावं ठेवणार नाही. गेले अगदी थोडे. श्वर्नरची बायको रिटा तिथेच होती, आणि नंतर तिने पत्रकारांना स्पष्ट सांगितलं की एकटा चेनी गायब झाला असता तर तुम्ही कुणी इथे नसता. तिघांना शोधायला नौदलाचे जवान दलदली पिंजत होते तेव्हा त्याच दिवसांत नदीत चार्ल्स मूर आणि हेन्री डी या दोन १९ वर्षांच्या कृष्णवर्णीय मुलांचे मृतदेह सापडले, मे महिन्यात मारलेले. ते ‘आपले’ तिघं नाहीत म्हटल्यावर बातमीतून उतरले. यावर मी काही लिहीत नाही, लिहिण्यासारखं काही उरत नाही.

तिघं सापडले ४ ऑगस्टला, ४४ दिवसांनी, एका मातीच्या धरणाखाली पुरलेले. शिक्षेचं विचारताय तर राज्याने तेव्हा खुनाचा खटलाच भरला नाही. केंद्राने हक्क हिरावून घ्यायचा कट केला म्हणून भरला, १९६७ मध्ये १८ पैकी सात दोषी, प्राइस त्यात होता, जास्तीत जास्त शिक्षा दहा वर्षं आणि सहा वर्षांच्या वर कुणी आत राहिलं नाही. कट जमवणारा एडगर रे किलन हा धर्मोपदेशक, एका ज्युरर बाईला पाद्र्याला दोषी ठरवणं जमेना म्हणून तेव्हा सुटला. त्याला मिसिसिपीच्या कोर्टाने दोषी ठरवलं २१ जून २००५ ला, बरोबर ४१ वर्षांनी त्याच तारखेला. ६० वर्षांची शिक्षा, २०१८ मध्ये जेलमध्ये मेला.

प्रश्न: एवढं करून नोंदणी किती झाली? आकडा सांगा.

उत्तर: १७ हजार लोक कोर्टाच्या पायऱ्या चढले, नावं घेतली १,६०० जणांची. त्याच उन्हाळ्यात हजारावर अटका, ८० जणांना मारहाण, ३७ चर्च जाळली किंवा बॉम्बने उडवली.

आकड्यात बघितलं तर पार फसलं. पण १७ हजार नकार कागदावर आले ना! त्याआधी मिसिसिपीचे लोक सांगायचे की आमच्या कृष्णवर्णीयांना मतात रसच नाही. चळवळीने मग आपलीच साधी, परीक्षा नसलेली नोंदणी केली आणि मिसिसिपी फ्रीडम डेमोक्रॅटिक पार्टी काढली, ६८ प्रतिनिधी बसने अटलांटिक सिटीला डेमोक्रॅटिक पक्षाच्या अधिवेशनात गेले, ऑगस्ट अखेर, की राज्याचे खरे प्रतिनिधी आम्ही, त्या फक्त-गोऱ्यांना काढा. फॅनी लू हेमर टीव्हीवर बोलायला लागल्या, १९६३ मध्ये विनोनाच्या जेलमध्ये त्यांना कसं मारलं ते सांगायला लागल्या, तर त्याच पक्षाच्या राष्ट्राध्यक्ष जॉन्सनने घाईघाईने स्वतःची पत्रकार परिषद बोलावली, कॅमेरे तिकडे वळावेत म्हणून. वळले. पण चॅनेलवाल्यांनी रात्री बाईंचं भाषण परत दाखवलं आणि दुपारच्या वेळेपेक्षा कितीतरी जास्त लोकांनी बघितलं. पक्षाने दोन जागा देऊ केल्या, हेमर म्हणाल्या दोन जागांसाठी आम्ही इतक्या लांब आलेलो नाही. सगळे परत गेले. स्निकच्या बऱ्याच पोरांचा लिबरल लोकांवरचा विश्वास तिथेच उडाला, आणि मला वाटतं पुढे गोऱ्यांना संघटनेतून बाजूला करण्यापर्यंत जी गाडी गेली तिचा रस्ता इथूनच फुटला.

पुढच्या मार्चमध्ये शेजारच्या अलाबामा राज्यातलं सेल्मा गाव, तिथे स्निकचा बर्नार्ड लाफायेत १९६३ पासून काम करत होता. ७ मार्च १९६५ ला तिथल्या पुलावर पोलिसांनी मताच्या हक्कासाठी निघालेला मोर्चा झोडपला, स्निकचा अध्यक्ष जॉन लुईस, वय २५, त्याची कवटी फुटली. ६ ऑगस्टला मतदान हक्क कायदा झाला, परीक्षा बंद आणि जिथे क्लार्क अडवेल तिथे केंद्राचा माणूस बसून नावं घेणार. मिसिसिपीत ६.७ चे १९६७ मध्ये ५९.८ टक्के झाले. तुम्हाला आकडा पाहिजे होता, हा घ्या.

प्रश्न: ती पोरं नंतर काय झाली? करिअरची वाट लागली असेल ना.

उत्तर: सगळ्यांची नाही हो. मारिओ सॅव्हिओ परत कॅलिफोर्नियातल्या बर्कली विद्यापीठात गेला आणि त्याच वर्षी तिथल्या विद्यार्थ्यांच्या फ्री स्पीच, म्हणजे भाषणस्वातंत्र्याच्या, चळवळीचा नेता झाला. बार्नी फ्रँक पुढे खासदार. बॉब मोझेस टांझानियात जाऊन गणित शिकवत राहिला, परत आल्यावर गरीब मुलांना बीजगणित यावं म्हणून एक मोठा प्रकल्प काढला, बीजगणित म्हणजे नव्या काळातला मताचा हक्क असं त्याचं म्हणणं. २०२१ मध्ये गेला. पण मला विचाराल तर युनिटा ब्लॅकवेल. मेयर्सव्हिल नावाच्या छोट्या गावातली कापूस वेचणारी बाई, १९६४ मध्ये स्निकची पोरं गावात आली, कोर्टात कोण येतं विचारलं, ही उठली. १९७६ मध्ये त्याच गावची महापौर झाली, मिसिसिपीतली पहिली कृष्णवर्णीय महिला महापौर.

प्रश्न: ताई, राग मानू नका, पण तुम्ही वीस वर्षांच्या असता तर गेला असता का?

उत्तर: राग कसला. २१ च्या खालच्यांना घरच्यांची परवानगी आणावी लागायची. गुडमनच्या आईवडिलांनी ती दिली, आणि आईने त्याच्या बॅगेत बँडेज आणि आयोडिनची बाटली घातली. मी अर्ज नक्की भरला असता. माझ्या आईने सही केली नसती. आणि आता माझी स्वतःची मुलगी वीसची आहे, तिने फॉर्म समोर ठेवला तर मी पेन शोधत बराच वेळ घालवेन.